तिसऱ्या सुराला ओळखणारे रोकबेर

"स्वतःचं संगीत मी तिसऱ्या सुराला ओळखतो आणि दुसऱ्याचं पहिल्यालाच!" कोट चढवताना आन्सेल्म रोकबेर बायकोला म्हणाले.

"आज ओळखत बसू नकोस. काम घेऊन ये," सोलांज सूपसाठी लीकची पात चिरता चिरता म्हणाली.

तिचं खरं होतं. संगीतकार म्हणून नावावर त्रेसष्ट चित्रपट असूनही गेली चार वर्षं पॅरिसमधल्या एकाही दिग्दर्शकानं रोकबेरांना विचारलं नव्हतं. आज माएल केरव्हेल नावाच्या तरुण दिग्दर्शिकेनं बोलावलं होतं. हेही हुकलं, तर मेहुण्याच्या गावी जाऊन चर्चमध्ये ऑर्गन वाजवायचा, असं ठरलं होतं.

संकलनाच्या खोलीत माएल होती आणि म्हाताऱ्या संकलिका मादाम गारिगू होत्या. खरं संगीत तयार होईपर्यंत चित्रपटाला कुठलं तरी जुनं, उसनं संगीत लावून ठेवायचं आणि तेच संगीतकाराला दाखवायचं, ही या धंद्यातली जुनी खोड. पडद्यावर नायिका स्टेशनात शिरली आणि व्हायोलिनं सुरू झाली. रोकबेरांनी लाजून मान खाली घातली.

"माझ्या उमेदीचे दिवस होते ते. आता असं सुचायचं नाही."

"मास्तर, हे लाकाझचं आहे," माएल हळूच म्हणाली.

लाकाझ म्हणजे रोकबेरांचा तीस वर्षांचा वैरी. रोकबेरांचे कान तापले. आता पुन्हा फसायचं नाही, असं त्यांनी मनाशी पक्कं केलं.

शेवटच्या प्रसंगात एक म्हातारी आपली बेकरी कायमची बंद करत होती. मागे अकॉर्डियन वाजत होतं.

"हेही त्याचंच," रोकबेर ताडकन म्हणाले. "प्रेक्षकानं रडावं म्हणून चिमटे काढतोय नुसता."

"तुम्हाला नाही आवडलं?" माएलचा चेहरा उतरला.

"अहो, हे संगीत नाही, दातदुखी आहे. असलं करणाऱ्याला पुन्हा काम देऊ नये."

मादाम गारिगूंनी चष्मा काढून पुसला.

"मास्तर, हे तुमच्या पहिल्या चित्रपटातलं संगीत. तो चित्रपट मीच कापून जोडला होता. हे ऐकताना माझ्या शेजारी बसून तुम्ही रडला होतात."

"मी बारा वर्षांची असताना हे ऐकलं," माएल म्हणाली. "म्हणून तर तुम्हाला बोलावलं. पण तुम्हीच नको म्हणताय, तर तुमचा शब्द कसा मोडू? लाकाझना विचारून बघते."

रोकबेरांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. लाकाझपेक्षा, पंचविशीत हे ऐकून रडलेल्या त्या स्वतःची त्यांना जास्त लाज वाटली. टोपी उचलून ते निघाले.

घरी सोलांज सूप ढवळत गुणगुणत होती. कोट न काढताच ते दारात उभे राहिले. या वेळी मात्र तिसऱ्याच सुराला त्यांनी आपली ती अकॉर्डियनची धून ओळखली.

"हे कधीपासून गुणगुणतेस?"

"लग्न झाल्यापासून. चौतीस वर्षांत आज विचारतोयस," ती म्हणाली. "काम मिळालं का?"

"मिळालं," रोकबेर खाली बघत म्हणाले. "लाकाझला. माझ्याच शिफारशीवर."