चार बोटं डावीकडे

लास्लो आमच्या घरी आला की आधी खुर्ची सरकवतो. चार बोटं डावीकडे. मग दारात उभा राहून एक डोळा मिटून बघतो आणि जर्मनमध्ये म्हणतो, "आल्झो, हेर कुलकर्णी, इथे कोणी राहत नाही."

अहो, आम्ही तिघं राहतो की. गार्चिंगसारख्या जर्मन गावात हे घर मिळवताना माझे निम्मे केस गेले, आणि समोरच्या दारातला हा हंगेरियन म्हातारा सांगतो, कोणी राहत नाही.

त्याची हयात सिनेमाचे सेट लावण्यात गेली. ऐनवेळी नट आला नाही की दिग्दर्शक यालाच उभा करायचा, बहुतेकदा आडवाच. "सतरा वेळा मेलोय," तो ऐटीत सांगतो, "पण कायम मीच लावलेल्या पलंगावर." एकदा आमच्या सोफ्यावर मरून दाखवलं. पुढे आठवडाभर आमची मुलगी शाळेच्या वेळेला तस्शी मरत होती.

समईचा तर कहर. माझ्या बायकोनं, मुग्धानं, पुण्याहून आणलेली नवी समई चिंचेनं घासून लखलखीत केली होती. आम्ही सुट्टीवर गेलो तेव्हा झाडांना पाणी घालायला किल्ली याच्याकडे. परत येतो तर समई काळवंडलेली.

"नवी होती, खोटी दिसायची. थोडी काजळी लावली. आता कुणीतरी रोज पेटवतं असं वाटतं."

मुग्धा त्याच्याशी दोन दिवस बोलली नाही. माझ्याशी चार.

गेल्या महिन्यात इमारतीतले पाण्याचे पाइप बदलायला घेतले. प्रत्येकानं स्वयंपाकघर रिकामं करून द्यायचं. लास्लो दारच उघडेना. याच्यापायी सगळ्यांचं काम अडलं. शेवटी हाउसफरवाल्टुंगनं, म्हणजे इमारतीच्या व्यवस्थापनानं, कळवलं, उद्या कुलूप काढून माणसं आत जातील. शेजाऱ्यांनी मला पुढे केलं, "तुमचा दोस्त ना?" दोस्त म्हणे. डोक्याला ताप नुसता.

तणतणत गेलो. मला बघून त्यानं दार उघडलं. तीन वर्षांत मी पहिल्यांदाच त्याच्या घरात पाऊल टाकलं.

स्वयंपाकघरात टेबलावर दोन कप, एकात अर्धी कॉफी. पालथं ठेवलेलं पुस्तक, त्यावर बायकी चष्मा. खुर्चीच्या पाठीवर निळा स्वेटर, एक बाही लोंबणारी.

"तुमच्या मिसेस घरात आहेत?" मी आवाज खाली आणला.

"इलोना. जाऊन पाच वर्षं झाली." त्यानं बाही नीट केली. "आत्ताच उठून गेलीय असं दिसायला हवं. कॉफी रोज ताजी ओततो. उद्या ते लोक हे सगळं खोक्यात कोंबतील."

माझा राग कुठल्या कुठे गेला. फार वाईट वाटलं, आणि समईवरून आम्ही धरलेल्या रुसव्याची लाजही वाटली.

"सेट मोडून परत तसाच लावायचा असला तर काय करायचात?" मी विचारलं.

"फोटो काढायचो. खुणा करायचो."

मी फोन काढला. मुग्धाला हाक मारली, ती चिकटपट्टी घेऊन आली. प्रत्येक वस्तूचे फोटो, प्रत्येक जागेवर खूण. मग सगळं आमच्याकडे हलवलं.

दोन दिवसांत पाइप बसले. लास्लोनं आणि मी एकेक वस्तू परत मांडली. मी दारात जाऊन एक डोळा मिटला. लास्लो परीक्षेला बसल्यासारखा माझ्याकडे बघत होता.

"चष्मा," मी म्हणालो, "चार बोटं डावीकडे."

त्यानं सरकवला. "आता?"

"आता राहतं कुणीतरी."

 त्यानं कॉफी ठेवली आणि कपाटातून तिसरा कप काढला.