व्हरांड्यातला फरारी

कायद्याच्या दृष्टीने माणूस जिथे बसलेला असतो तिथे नसतो. पुकारा झाल्यावर जिथून ओ येते तिथे असतो. हे तत्त्व दाभोशाच्या मंगळूला ठाऊक नव्हते, एवढाच त्याचा गुन्हा. (सागाचे झाड तोडल्याचा आणखी एक गुन्हा होता, पण तो लवकरच मागे पडला.)

खटला संस्थानी अमलात उभा राहिला. जुन्या कचेरीत आरोपीने तोंड उघडून ओ देणे उद्धटपणाचे समजत. नाव पुकारले की मान खाली घालून बसायचे. शिपाई येऊन काठीचे टोक खांद्याला लावी, मग उठायचे. मंगळू ही रीत चोख पाळी. पुढे संस्थान विलीन झाले, खुर्चीमागची तसबीर बदलली, काठी जमा झाली आणि शिपाई देवरामला पितळी बिल्ला मिळाला. बिल्ला ही कुणाच्या खांद्याला लावायची वस्तू नव्हती.

नव्या अमलातल्या पहिल्या तारखेला मंगळूने कंबरेचा कोयता पायरीशी ठेवला आणि तो व्हरांड्यात बसला. देवरामने त्याच्या डोक्यावरून तीनदा पुकारा केला. मंगळूने तितक्याच आदराने तीनदा मान खाली घातली. आरोपी जामिनावर असताना फरारी झाला, अशी नोंद झाली. देवरामला मंगळू दिसत होता. पण त्याचे काम पुकारण्याचे होते, पाहण्याचे नव्हते.

फरारी इसमाच्या गैरहजेरीतही साक्षी नोंदवून ठेवता येतात, ही कायद्याची दूरदृष्टी. जंगलाचा राखणदार पांड्या याला झाड ओढ्याच्या कोणत्या काठाला होते ते आठवेना. त्याने खिडकीतून मंगळूला विचारले. मंगळूने हनुवटीने डावीकडे दाखवले. साक्ष निर्विवाद ठरली.

मग जाहीरनामा निघाला, की मंगळूने नेमल्या दिवशी हजर व्हावे. तो गावात मोठ्याने वाचून आरोपीच्या दारावर डकवायचा असतो. देवरामने वाचला, मंगळूने भाताची खळ करून दिली आणि कागद वाकडा लागतोय हेही दाखवून दिले. नेमल्या दिवशी तो सर्वांच्या आधी येऊन व्हरांड्यात बसला, आणि पुन्हा सापडला नाही.

सबब नांगरणीच्या तोंडावर त्याची बैलजोडी जप्त झाली. जप्त जनावरे गावातल्या विश्वासू माणसाकडे ठेवावीत, असा हुकूम होता. देवरामने चौकशी केली तेव्हा गावाने एकमुखाने मंगळूचेच नाव सांगितले. बैल होते त्याच खुंट्याला राहिले. फक्त आता ते सरकारी होते आणि त्यांना जुंपता येत नव्हते.

"बैल दारात नि रान पडीक," त्याची बायको सुकरी म्हणाली. "पोरांनी काय खावं? येवडी लाज कसली? आरडून सांग त्यांना, मी हाय म्हनून."

बैलांच्या लिलावाच्या दिवशी मंगळू मन घट्ट करून कचेरीत गेला. जन्मात पहिल्यांदा ओ द्यायची, असे ठरवून पुकाऱ्याची वाट पाहत बसला. पण फरारी माणसाला कुणी पुकारत नाही. दुपार होत आली तेव्हा तो आपणहून उभा राहिला.

"साहेब, मी हाय. पयल्यापासून हितंच हाय."

मॅजिस्ट्रेट सज्जन होते. आपण पळालो नव्हतो असे आरोपीने सिद्ध केले तर जप्त माल परत देता येतो, हे त्यांनी स्वतः सांगितले. फक्त त्याला दर तारखेला इथे पाहिलेला साक्षीदार हवा. देवराम बिल्ला पुसू लागला. (पाहिले म्हणावे, तर पुकाऱ्याला कुणी नाही असे का कळवले?) पांड्या कौले न्याहाळू लागला.

तेव्हा साहेबांच्या हुकमाने देवरामने दारात उभे राहून तीनदा पुकारा केला : मंगळूला व्हरांड्यात बसलेला पाहिला असे कोणी हाजीर आहे काय?

वाचकहो, तुम्ही पहिल्या तारखेपासून त्याला पाहत होता. पण तुम्ही मान खाली घालून वाचत राहिलात. तशी नोंद झाली, आणि बैल गेले.