बाथरूमपुरता मालक

हप्ता साडेचार हजारांनी कमी होणार ही बातमी फूटपट्टीने चपला काढायच्या आधीच सांगून टाकली. एक पाय चपलेत, एक बाहेर, आणि तोंडावर लॉटरी लागल्यासारखा आनंद. बँकेतून फोन आला होता. घराच्या कर्जाची मुदत वाढवून घ्या, हप्ता हलका होईल, शनिवारी दोघांनी येऊन फक्त सह्या करायच्या.

त्याचं खरं नाव आता कागदपत्रांपुरतं उरलं होतं. तो टाइल्सच्या शोरूममध्ये विक्रीला होता आणि जगातली कुठलीही गोष्ट त्याला चौरस फुटांतच कळायची. कुणाकडे गेला तरी बसायच्या आधी नजरेने खोली मोजायचा. म्हणून शोरूममध्ये सगळे त्याला फूटपट्टी म्हणायचे. आई तेवढी बाळ्या म्हणायची आणि बायको अहो.

वाचणाऱ्या पैशांचं काय करायचं तेही ठरलं होतं. शोरूमचा कॅशियर आपली जुनी गाडी तीन लाखांना विकत होता. फूटपट्टीने दुपारीच त्याला वीस हजार ॲडव्हान्स देऊन टाकला होता. बाकीचे महिन्याला साडेचार हजार करून फेडायचे. म्हणजे गाडी जवळजवळ फुकटच.

बायको एका लॅबमध्ये रक्त तपासायची. रिपोर्ट बघितल्याशिवाय कुणाला ठणठणीत म्हणायचं नाही, ही तिची सवय घरातही होती.

"मुदत किती वाढणार?" तिने विचारलं.

"दहा वर्षं. पण हप्ता कमी होतोय ना."

"आणि शेवटी एकूण किती जाणार?"

"अगं, शेवटचं शेवटी बघू. आत्ता हातात काय राहतंय ते बघ."

ती म्हणाली, बघते, पण आधी दोन गोष्टी बँकेला विचारा. पाच वर्षांत आपण नक्की किती फेडलं, आणि या नवीन कागदावर सही केली तर शेवटपर्यंत किती द्यावे लागतील. माझी सही त्यानंतर. कर्जावर तिचंही नाव होतं, त्यामुळे तिची सही काही चुकवता येत नव्हती.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर फूटपट्टीला बँकेला विचारायची गरजच वाटली नाही. वीस वर्षांचं कर्ज, पाच वर्षं झाली. म्हणजे पाव घर आपलं. यात विचारायचं काय? घर पाचशे फुटांचं, पाव म्हणजे सव्वाशे, आणि हॉल बरोब्बर सव्वाशे फूट. त्याने बॅगेतून शोरूमचा खडू काढला, गुडघ्यांवर बसला आणि हॉलच्या चारही बाजूंनी रेघ मारली. मग उठून, हात झटकून, स्वतःच्या जमिनीवर उभा राहिला.

"म्हणजे टीव्ही तुझ्याकडे आला का रे?" आईने दारातून विचारलं.

"आला. पण तू बघ. मी काय नाही म्हणणार आहे?"

हे त्याने अशा काही आवाजात म्हटलं की आईने त्या दिवशी मालिका उभ्यानेच बघितली.

दोन दिवस त्याने हॉलची मालकी पोटभर भोगली. सोफ्यावर आडवा पडला तो पाय लांब करून. रिमोट छातीवर. बायको झाडायला आली तर तिला सांगितलं की कोपऱ्यातलं जरा नीट काढ, आपली जागा आहे. तिने फक्त बँकेत फोन करायची आठवण करून दिली, सकाळी एकदा आणि संध्याकाळी एकदा.

बुधवारी शोरूममध्ये गिऱ्हाईक नव्हतं म्हणून शेवटी त्याने फोन लावला. पलीकडे कर्जविभागातल्या मॅडम होत्या. आवाज गोड. त्यांनी खटाखट बटणं दाबली आणि सांगितलं की सर, आजवर तुम्ही सोळा लाख भरलेत.

"तेच म्हणतोय मी," फूटपट्टी खूश झाला.

"त्यातले मुद्दलात तीन लाख चाळीस हजार गेलेत."

"आणि बाकीचे?"

"व्याज, सर."

फूटपट्टीला वाटलं मॅडमचं एखादं शून्य घसरलं असेल. पण मॅडमनी न कंटाळता समजावलं. हप्ता आला की त्यातून आधी व्याज कापून घेतात. राहिलं तर ते मुद्दलात जातं. सुरुवातीला मुद्दल मोठं म्हणून व्याजही मोठं, त्यामुळे पहिली काही वर्षं हप्त्यातलं जवळजवळ सगळं व्याजच खातं. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं असं म्हणतात. इथे पाच वर्षांत कसंबसं शेपूट बाहेर पडलं होतं आणि हत्ती अजून हॉलमध्येच बसला होता.

दुसरा प्रश्न विचारायचं त्याच्या जिवावर आलं. त्याने मॅडमचे आभार मानले आणि फोन ठेवला.

घर घेताना फुटाला साडेसात हजार पडले होते, हे तो झोपेतही सांगू शकला असता. कागदाची पाठ घेऊन त्याने भागाकार केला. मग पुन्हा केला. मग कॅशियरकडून करून घेतला. तिन्ही वेळा पंचेचाळीस फूट आले. पाचशे फुटांच्या घरात पंचेचाळीस फूट म्हणजे काय, ते त्याला मोजायला जावं लागलं नाही. बाथरूम आणि संडास. त्यातल्या टाइल्स त्यानेच शोरूमच्या कामगारांना मिळणाऱ्या सवलतीत आणल्या होत्या.

घरी आल्यावर त्याने गुपचूप ओलं फडकं घेतलं आणि हॉलमधली रेघ पुसायला बसला. बायकोने विचारलं, काय झालं. खोटं बोलता येत नाही हा त्याचा जुना रोग. त्याने सगळं सांगितलं.

आईने सगळं ऐकून घेतलं. म्हणाली, "म्हणजे पाहुण्यांनी आधी जेवायचं आणि पातेल्यात उरलं तर घरच्यांनी. अरे, असल्या पाहुण्याला वर दहा वर्षं जास्त राहा म्हणून आग्रह करतोस?"

"आई, तो वेगळा विषय आहे."

"बरं. पण घर साडेसदतीस लाखांचं आणि कर्ज तीस लाखांचं. मधले साडेसात कुणाचे?"

साडेसात लाख बायकोचे होते. आधीची नोकरी सोडली तेव्हा मिळालेला फंड. हे फूटपट्टी विसरला नव्हता. फक्त गेली पाच वर्षं त्याला ते आठवलं नव्हतं.

बायकोने भाजी निवडता निवडता विचारलं, "साडेसात लाखांचे किती फूट होतात हो?"

"शंभर," तो म्हणाला. आकडा विचारला की त्याच्या तोंडून आपोआप निघायचा, त्याचा इलाज नव्हता.

स्वयंपाकघर पंच्याहत्तर आणि बाहेरचा पॅसेज पंचवीस. बेरीज तोंडीच जमली. खडू आता बायकोच्या हातात गेला. तिने त्याच्यापेक्षा सरळ रेघ मारली. मग सगळ्यांनी घर नव्याने बघितलं. हॉल बँकेचा. दोन्ही झोपायच्या खोल्या बँकेच्या. स्वयंपाकघर आणि पॅसेज बायकोचा. आणि पॅसेजच्या टोकाला, दोन दारांमागे, फूटपट्टीची इस्टेट. तिथे जायला वाटसुद्धा बायकोच्या हद्दीतून.

आईने एका शब्दाने वाद घातला नाही. ती आपल्या खोलीत गेली, गादीची वळकटी केली आणि स्वयंपाकघराच्या दारात आणून ठेवली.

"हे काय?" फूटपट्टीने विचारलं.

"या वयात मला परक्याच्या जागेत झोप लागत नाही. सूनबाई, चालेल ना गं?"

"तुमचंच आहे, आई," सूनबाई म्हणाली.

पाच वर्षांत या दोघींचं इतकं पटलेलं त्याने पाहिलं नव्हतं. चहाला गेला तर दोघींनी रेघेकडे बघितलं. त्याने रेघेअलीकडे उभं राहून कप घेतला आणि बँकेच्या सोफ्यावर बसून चहा प्यायला. रिमोट त्याने स्वतःहून टीव्हीवर ठेवून दिला. त्यातल्या त्यात एक समाधान होतं. मालक असो कुणीही, झाडलोटीची जबाबदारी मालकीप्रमाणे वाटली गेली, तर आपल्या वाट्याला सगळ्यात कमी जागा येते.

हे समाधान गुरुवारी सकाळपर्यंत टिकलं. खालच्या मजल्यावरचे मास्तर वर आले. शाळेतून निवृत्त झालेले, पण बोलणं अजून पाचवीच्या वर्गाला चाललेलं. त्यांच्या छतातून पाणी गळत होतं. डाग वाढत वाढत पंख्यापर्यंत पोचला होता. दुरुस्ती कोण करणार, एवढंच त्यांना विचारायचं होतं.

फूटपट्टीच्या डोक्यात कालपासून जे घोळत होतं ते बाहेर पडलं. "मास्तर, खरं सांगू का? हे घर माझं नाहीच. बँकेचं आहे. तुम्ही बँकेला पत्र द्या."

मास्तर गोंधळले. कुठल्या शाखेला द्यायचं, असं विचारणार एवढ्यात स्वयंपाकघरातून आईचा आवाज आला.

"कुठून गळतंय, मास्तर?"

"बाथरूमखालून."

"मग ह्याचंच. तेवढं फेडलंय त्याने."

फूटपट्टीने आईकडे बघितलं. आई आपल्या हद्दीत शेंगा सोलत बसली होती.

प्लंबर आला. त्याने टाइल्स ठोकून बघितल्या, कान लावला आणि म्हणाला की पाइप भिंतीतून स्वयंपाकघराकडे गेलाय, कदाचित गळती तिकडची असेल. फूटपट्टीच्या अंगात एकदम उत्साह आला. त्याने बायकोला हाक मारली, प्लंबरला पाणी दिलं, बॅटरीसुद्धा धरली. अर्धा दिवस फोडाफोडी करून प्लंबरने निकाल दिला. स्वयंपाकघर स्वच्छ. गळती सगळी बाथरूममध्ये. पाइप बदलायचा, खाली वॉटरप्रूफिंग करायचं, टाइल्स नव्या, शिवाय मास्तरांचं छत. आकडा ऐकून फूटपट्टी कमोडच्या झाकणावर बसला. बसायला स्वतःची अशी तेवढीच जागा होती.

बँकेत जी काही शिल्लक होती ती प्लंबरला गेली, आणि तरी वीसेक हजार द्यायचे राहिले. आता तर सही करण्यावाचून गत्यंतर नाही, असं त्याने शुक्रवारी घरात जाहीर केलं. साडेचार हजार महिन्याला सुटले तर प्लंबरही फिटेल, गाडीही येईल. बायकोने एवढंच म्हटलं की दुसरा प्रश्न राहिलाय.

शनिवारी दोघं बँकेत गेले. मॅडम फोनवर वाटल्या होत्या त्यापेक्षा लहान निघाल्या, नोकरीला लागून फार दिवस झाले नसावेत. त्यांनी कागद पुढे सरकवले, जिथे जिथे सही हवी तिथे पेन्सिलीने फुली मारली होती. फूटपट्टीने पेन उघडलं. बायको समोरच्या भिंतीवरचं घड्याळ बघत बसली. ती भांडली असती तर त्याने रागाच्या भरात सही केली असती. पण ती गप्प होती, आणि त्याचं पेन फुलीवर येऊन थांबलं.

"मॅडम," तो म्हणाला, "शेवटी एकूण किती जातील हो?"

मॅडमनी स्क्रीन त्याच्याकडे वळवला. आहे तसं चालू ठेवलं तर अजून साधारण एकोणपन्नास लाख. मुदत वाढवली तर सदुसष्ट.

अठरा लाख जास्त. फूटपट्टीच्या डोक्यात साडेसात हजारांनी भागाकार झाला. दोनशे चाळीस फूट. जवळजवळ अर्धं घर. कॅशियरच्या गाडीपायी तो अर्धं घर पुन्हा एकदा विकत घ्यायला निघाला होता, आणि त्या गाडीचं डावं दार आतून उघडतसुद्धा नव्हतं.

त्याने पेनाला टोपण लावलं. तिथूनच कॅशियरला फोन करून गाडी नको म्हणून सांगितलं. कॅशियरने बरीच कुरकुर करून ॲडव्हान्स परत द्यायचं कबूल केलं, वर गाडी तशीही तुला झेपली नसती हे फुकटात ऐकवलं. ते पैसे प्लंबरचे. बायकोने घड्याळावरची नजर काढली आणि पाण्याची बाटली उघडून आधी त्याच्या हातात दिली.

"काही चुकलं का, सर?" मॅडमनी विचारलं. कागद परत गेला की वरचे साहेब विचारतात, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

फूटपट्टीला वाईट वाटलं. तुमचं काही चुकलं नाही म्हणून त्याने त्यांना सगळं सांगितलं. हॉल, खडू, बायकोचा पॅसेज, आईची वळकटी, मास्तरांचं छत. मॅडम आधी हसल्या. मग हसता हसता हळूहळू थांबल्या. त्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि खुर्ची पुढे ओढली.

"सर, मीपण घेतलंय घर. मागच्या वर्षी."

"किती वर्षांचं कर्ज?"

"तीस."

"क्षेत्रफळ?"

"साडेपाचशे. पण सुरुवातीचे पैसे बाबांनी भरले."

"मग ते बाबांचे. त्यात तुम्ही पडू नका," फूटपट्टीची बायको म्हणाली.

मॅडमनी स्वतःचं खातं उघडलं, मुद्दलात गेलेला आकडा आणि फुटाचा भाव सांगितला. फूटपट्टीने बँकेच्याच कागदाची पाठ घेतली. भागाकार केला, ओठ चावला, पुन्हा केला. बायकोने डोकावून बघितलं आणि नजर दुसरीकडे वळवली.

"सांगा ना," मॅडम म्हणाल्या.

"तीन फूट."

"तीन फूट म्हणजे कसं, सर? मला असं नाही कळत."

फूटपट्टीने हाताने हवेत माप दाखवलं. "पायपुसणं घालतो ना आपण दाराशी. तेवढं."

मॅडम जरा वेळ त्या हवेतल्या मापाकडे बघत राहिल्या. मग हळू आवाजात विचारलं, "दाराच्या आतलं, की बाहेरचं?"

आजवर फूटपट्टीने कुणालाही इंचभर माप ढिलं धरून दिलं नव्हतं. त्याने कागदाची घडी घालून खिशात टाकली.

"आतलं," तो म्हणाला. "नक्की आतलं, मॅडम."