नाक्यावर अडकलेली सावली

माणदेशात एका वाडीत गेणू राहायचा, त्याची बायको सुंदरा राहायची, गेणूचे म्हातारे वडील तात्या राहायचे, आणि दारात एक कडुनिंब होता, त्याची सावली गेणू टेंपोत घालून लग्नाकार्याला भाड्यानं द्यायचा. सावली मापायची ती दुपारी बाराला, हा धंद्यातला रिवाज. मापली की जाजमासारखी गुंडाळायची, वर ताडपत्री बांधायची. कार्य उरकलं की आणून पुन्हा निंबाखाली अंथरायची. निंबाखाली बाज टाकून बसणारे तात्या एखाद्या दिवसाचं ऊन सोसायचे.

एका वैशाखात लग्न उरकून येताना करखात्याच्या डोईफोडे साहेबांनी नाक्यावर टेंपो अडवला. बिलात लिहिलं होतं, सावली, बारा हात. साहेब कामाला चोख. त्यांनी माल उतरवला, अंथरला, फीत लावली, तर भरली चाळीस हात. भरणारच की! दिवस कलला होता.

"एवढा जादा माल चोरून नेतोस?"

"साहेब, उद्या दुपारी मापा, बाराच भरंल."

"खात्याची फीत दुपारची वाट बघत नाही."

पंचनामा झाला, टेंपो सावलीसकट जप्त झाला, आणि गेणूनं चाळीसवर अंगठा उठवून दिला.

घरी सुंदरानं कपाळावर हात मारला. "अहो, झाड आपलं बारा हातांचं. चाळीसवर अंगठा द्यायला धजला तरी कसा?"

"साहेबांना चहाला जायचं होतं गं. घाई करत होते."

तिचा जीव मात्र तात्यांपाशी अडकला. सावली गेली तरी त्यांनी बाज हलवली नाही. वर झाड हिरवंगार, खाली लख्ख ऊन, आणि त्यात म्हातारा धोतराचा सोगा डोक्यावर घेऊन बसलेला.

"मामंजी, आत या. ऊन बाधंल."

"मी उठलो अन् माघारी सावली आली, तर तिला ओळखीचं कोण भेटायचं?"

सुंदरा त्यांच्या डोक्यावर ओला पंचा टाकी, ताक पाजी. तरी म्हातारा करपत चालला. शेवटी ती गेणूला म्हणाली, "उठा, कोर्टात चला. तात्या काही उठत नाहीत."

मुलाणी वकिलांनी मोठ्या कोर्टात अर्ज लावला. म्हणणं एवढंच, की हा माल दिवसाबरोबर लांबतो, त्यात धन्याचा दोष नाही. जजसाहेबांनी सावली आवारात आणवली आणि बाराच्या ठोक्याला मापवली. बारा हात.

सुंदरानं पदरानं तोंड पुसलं. तेवढ्यात डोईफोडे साहेब उठले. "माय लॉर्ड, पंचनाम्यात चाळीस आहे. पंचांच्या सह्या आहेत. याचा अंगठा आहे."

सुंदरानं नवऱ्याला कोपरानं ढोसलं. "घ्या. आला का अंगठा अंगावर?"

जजसाहेबांनी चष्मा पुसला. "पंचनामा खरा?"

"अक्षर न् अक्षर, माय लॉर्ड."

"म्हणजे खात्यानं चाळीस हात सावली ताब्यात घेतली."

"घेतली."

"आणि इथं बारा आहे."

साहेबांनी पंचनामा पुन्हा उलटून पाहिला.

"टेंपो सोडा. सावली घेतली तेवढी परत करा. कमी पडेल ती खात्यानं आपल्या पदरची घालावी."

खात्याच्या बंगल्यापुढं जुने वड होते. त्यांची अठ्ठावीस हात सावली भर दुपारी रीतसर मापून निंबाच्या सावलीबरोबर टेंपोत चढवली. ताडपत्रीची गाठ डोईफोडे साहेबांनी स्वतः मारली. पोचपावतीवर गेणूनं अंगठा द्यायच्या आधी सुंदरानं आकडा मोठ्यानं वाचायला लावला.

वाडीत अंथरली तेव्हा ती दार, गोठा, शेजारचं अंगण ओलांडून रस्त्याला टेकली. तात्यांनी बाजेवरून पाय खाली सोडून चाचपली.

"अंगानं भरली की गं ही!"

"सरकारी पाहुणचार झालाय तिचा, मामंजी."

निंबाची सावली त्यानंतर कधी भाड्याला गेली नाही. ती तात्यांपाशी असते. वडाची जाते, आणि दिवस कलायच्या आत घरी येते.