आबांची वेरा

आमच्या शेजारच्या आबांकडे चहाला गेलं, की चहाच्या आधी वेरा येते.

वेरा ही रशियातली क्रांतिकारक बाई. तिला जाऊन जमाना झाला. पण आबा बोलतात असं, की वाटावं ती इथल्याच लासुर्णे गावची माहेरवाशीण आहे. "आमच्या वेराला साखर चालत न्हवती. नेता बिनसाखरेचा पितो म्हणल्यावर हीबी बिनसाखरेचा!" एवढं सांगून आबा स्वतःच्या कपात तीन चमचे साखर घालतात.

वेरा क्रांतीच्या नेत्याची सेक्रेटरी होती आणि आबा उमेदीच्या काळात एका कामगार पुढाऱ्याचे, त्यांच्या 'साहेबां'चे. तेव्हा पुण्यात पुस्तकांच्या गाडीवर त्यांना तिचं चरित्र मिळालं. बर्फ, तुरुंग, पावात लपवून पाठवलेले निरोप! आबांनी तिला गुरूच केलं. साहेबांच्या प्रत्येक फोटोत आबा आहेत. पण एकात नुसता खांदा, दुसऱ्यात कान. "सेक्रेटरीनं फोटूत दिसायचं नसतं," ते अभिमानानं सांगतात. "वेरा कधी दिसली न्हाय."

डाळजच्या एका लग्नात त्यांनी नवरदेवाच्या मामाला वेराचं सैबेरियातून पलायन ऐकवायला घेतलं. मामा जिलबी पानात टाकून पळाला. आबांना मी घेऊन गेलो होतो, त्यामुळे मान माझीच खाली गेली.

तरी आमच्या वास्तुशांतीला त्यांना बोलावलंच. बारामतीत दाराला दार लागून राहायचं म्हटल्यावर टाळणार कसं? जेवता जेवता आबा रंगात आले. क्रांती झाली, लोक रस्त्यावर आले, नेत्याचं भाषण वेरानं टाइप केलं आणि आबांनी नेहमीसारखे हात जोडले. गोष्ट इथं संपते. पण माझी मेहुणी ती पहिल्यांदाच ऐकत होती.

"मग पुढं वेराचं काय झालं हो, आबा?"

हे आजवर कुणी विचारलंच नव्हतं. ऐकणारे त्याआधीच पांगलेले असत.

आबांचा चेहरा उतरला. "पुढं... नेता वारला. नवा आला. त्यानं जुन्यांना एकेक करून तुरुंगात घातलं. समदे वेराच्या जिवाभावाचे."

"आणि वेरा?"

"ती हुकूम टाइप करत हुती."

भरलं ताट तसंच ठेवून आबा उठले. मी मागोमाग गेलो. ते जिन्यात बसले होते.

"साहेब गेल्यावर त्यांचा पोरगा आला न्हवं गादीवर," ते पायरीकडं बघत म्हणाले. "त्यानं आपल्या सोपानला संघटनेतनं काढलं. मालकाला फितूर झाला म्हणून. खोटं हुतं. मला ठावं हुतं. पत्र मीच टाइप केलं."

सोपानराव त्यांचे जिवलग. संघटनेनं काढल्यावर कारखान्यानंही त्यांना ठेवलं नाही. ते गावी, पळसदेवला गेले आणि धरणाच्या पाण्यात मासे धरू लागले. त्यानंतर दोघांची भेट नाही. "मला तिकडं घिऊन चल," आबा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही पोचलो, तेव्हा सोपानराव काठावर जाळं सोडवत बसले होते. आबा समोर जाऊन नुसते उभे राहिले.

"ते पत्र..."

"तूच टाइप केलंतंस," सोपानराव मान वर न करता म्हणाले. "वाचल्या वाचल्या वळखलं. एक चूक न्हवती. दुसऱ्या कुणी केलं असतं, तर निदान माझं नाव तरी चुकलं असतं."

मला हसू आलं आणि लगेच स्वतःची लाज वाटली.

"पोरीचं शिक्षण सुटलं त्यात," सोपानराव म्हणाले. "तिला काय सांगू? ह्याचं चुकलं म्हणून सांगू?"

धोतराचा सोगा मुठीत धरून आबा उन्हात उभेच राहिले. बऱ्याच वेळानं सोपानरावांनी जाळ्याचं दुसरं टोक त्यांच्याकडं फेकलं.

"उभा काय राहिलायस? धर."

आता आबा दर रविवारी एसटीनं पळसदेवला जातात. सोपानराव त्यांच्याशी अजून धड बोलत नाहीत. नुसतं बाजूला सरकून जागा करून देतात.

"मग दिवसभर करता काय तिथं?" मी एकदा विचारलं.

"जाळ्याच्या गाठी सोडवतो," आबा म्हणाले. "मान खाली घालून करायचं काम हाय. मला बरं पडतं."