राजाची उडी आणि बाबल खवल्या

एका जंगलात त्या दिवशी धुकं असं दाटलं होतं, की हत्तीलाही आपली सोंड जागेवर आहे ना हे चाचपून बघावं लागत होतं. झाडांना शेंडे नव्हते. डोंगर नव्हता. दरी तर नव्हतीच. झाडावरून उतरणाऱ्या माकडांना खालची फांदी दिसेना, म्हणून ती एकमेकांच्या डोक्यावर पाय देत उतरत होती.

आणि नेमकी त्याच दिवशी राजाला दरीवरून उडी मारायची होती.

राजा म्हणजे सिंह, हे तुम्हाला सांगायला नको. पण त्या जंगलातला सिंह शिकार करत नसे, बाळांनो. तो सिनेमात काम करायचा. सिनेमा काढायचे कोल्हेशेठ. बघायला अख्खं जंगल यायचं.

"आता कसं करायचं?" सिंह म्हणाला. मनातून तो धुक्याचे उपकार मानत होता.

"काही चिंता नको महाराज," कोल्हेशेठ म्हणाले. "गुहेत हिरवा कपडा लावू. दरी मागाहून घालू. बाबल आहे ना."

हा बाबल म्हणजे एक खवल्या मांजर. अंगावर कौलांसारखे खवले, पोट मुंग्यांवर, आणि स्वभाव असा भिडस्त, की निम्म्या जंगलाला तो आहे हेच ठाऊक नव्हतं. त्याच्या बिळात एक संगणक होता. जंगलात संगणक कुठून आला, असं विचारू नका. कोल्हा बोलतो तेव्हा नाही विचारलंत.

सिनेमात जे नको ते पुसायचं आणि जे नाही ते घालायचं, हे बाबलचं काम. शहाणी माणसं त्याला व्हीएफएक्स म्हणतात. बाबलला तो शब्द नीट उच्चारता यायचा नाही. शेजारच्या साळिंदरानं एकदा विचारलं, "बाबल, तू नेमकं करतोस काय रे?"

"पुसतो," बाबल म्हणाला.

"भांडी?"

बाबल खाली वाकून मुंग्या टिपायला लागला. पण त्याची बायको गोमती बिळातून म्हणाली, "सिनेमाच्या शेवटी नाव येतं त्यांचं. बसून बघा एकदा."

नाव यायचं, हे खरं. पण कधी? आधी राजाचं, मग राणीचं, मग राजाची आयाळ विंचरणाऱ्याचं, मग विंचरणाऱ्याला चहा देणाऱ्याचं. बाबलचं नाव येईपर्यंत जंगल घरी जाऊन जेवून झोपलेलं असायचं आणि अस्वलं झाडू मारत असायची. गोमती तेवढी थांबायची. पाय वर घेऊन बसायची, म्हणजे अस्वलांना झाडता यावं. एवढ्या वर्षांत बाबलला एकच हौस उरली होती. आपलं नाव एकदा, एकदाच, लोक बसलेले असताना यावं.

तर गुहेत हिरवा कपडा लागला. सिंहाच्या कमरेला वेली बांधल्या. वरून बारा माकडांनी ओढल्या. सिंह गवताच्या एका गंजीवरून दुसऱ्या गंजीवर जाऊन पडला आणि कण्हला.

"वा महाराज," कोल्हेशेठ म्हणाले. मग बाबलकडे वळले. "बाबलराव, थोडंसंच काम आहे. वेली पुसा. गंज्या पुसा. दरी घाला, चांगली खोल. महाराजांचे पुढचे दोन दात पडलेत, ते घाला. पोट आत घ्या. आणि डोळ्यांत जरा निर्भयपणा."

"डोळे मिटलेत महाराजांनी," बाबल म्हणाला.

"मग उघडा."

"शेठ, एक विचारू? या वेळी माझं नाव जरा वर..."

"असं काम करा, की कुणाला करामत आहे असा संशयसुद्धा येता कामा नये. मग तुमचं नाव राणीच्या खालोखाल. शब्द देतो."

बाबल कामाला लागला. एकेक वेल पुसायला त्याला एकेक आठवडा लागला. पहिल्या खेपेला घोटाळाच झाला. हिरवं तेवढं काढायचं, या नादात राणीच्या खांद्यावरचा पोपट पुसला गेला आणि नुसती लाल चोच हवेत बडबडत राहिली. पोपटाला शोधून परत बसवावं लागलं. काम झालं, की बाबल त्यावर 'शेवटचं' असं लिहून पाठवायचा. कोल्हेशेठ म्हणायचे, "झकास. फक्त आयाळ थोडी उडवा." मग 'अगदी शेवटचं'. मग 'आता खरंच शेवटचं'. मग 'गोमतीची शपथ, शेवटचं'. यावर गोमती रागावली, पण काम त्यावरच संपलं.

महाराज रोज येऊन शेजारी बसायचे. आपल्या कमरेची वेल पुसली जाताना बघायचे, डुलकी घ्यायचे, जायचे.

सिनेमा लागला आणि जंगल वेडं झालं. राजा दरीवरून असा गेला, की पुढच्या रांगेतले ससे खाली वाकले. कुणालाही, अगदी कुणालाही, करामतीचा संशय आला नाही. ते बघून कोल्हेशेठनी झाडाझाडावर पाट्या लावल्या, 'सगळं खरं. एकही करामत नाही.'

"शेठ, आणि माझं नाव?" बाबलनं विचारलं.

"अहो बाबलराव, करामतच नाही म्हटल्यावर करामत करणाऱ्याचं नाव कसं घालणार? तुम्हीच सांगा. काम इतकं चांगलं करायला कुणी सांगितलं होतं?"

आता नाव शेवटीसुद्धा येईना. गोमती पाय वर घेऊन बसली, अस्वलांनी झाडून घेतलं, पडदा गुंडाळला, तरी नाही. साळिंदर म्हणाला, "वहिनी, भांडीच असतील ती."

इकडे सिंहानं तो सिनेमा सतरा वेळा बघितला. पाचव्या खेपेला त्याला वाटलं, आपण बरे दिसतो. बाराव्या खेपेला त्याला ती उडी आठवायला लागली. पायाखालची दरी, कानातला वारा, सगळं आठवलं. सतराव्या खेपेला तो उठून म्हणाला, "सिनेमाला शंभर दिवस होतील, तेव्हा मी हीच उडी पुन्हा मारणार. सगळ्यांसमोर."

शंभराव्या दिवशी लख्ख ऊन होतं. दरीच्या काठावर पाय ठेवायला जागा नव्हती. राजा ऐटीत पुढे आला. त्यानं खाली पाहिलं. मग कमरेला हात लावला. मग गर्दीतल्या बाबलला खुणेनं जवळ बोलावलं.

"बाबल," तो हळूच म्हणाला, "वेली कुठायत रे?"

"महाराज, त्या मी पुसल्या."

"सगळ्या?"

"बाराच्या बारा. तुमच्यासमोरच."

राजानं पुन्हा एकदा खाली पाहिलं.

"पायात काटा गेला म्हणा," बाबल म्हणाला.

"राजाला काटा लागतो म्हणतील. जाऊ दे. डोळे तरी उघडे ठेवतो."

आणि राजानं उडी मारली. खरी. डोळे उघडे ठेवून. अर्धी दरी गाठली असेल-नसेल, मग तो सरळ खाली गेला. खाली म्हशी चिखलात डुंबत होत्या, त्यांच्यात पडला. लागलं काही नाही. म्हशींनी थोडं सरकून जागा दिली.

काठावरून सगळ्यांनी वाकून पाहिलं. मग एक ससा म्हणाला, "छे. अगदीच खोटं वाटलं."

"शेपूट बघितलीस? खरी शेपूट अशी लटपटते होय?"

"तो चिखल तर साफ नकली."

"सिनेमातली उडी किती खरी होती. हे कुणी केलंय?"

कोल्हेशेठ घामाघूम झाले. ही उडी खरी म्हणावी, तर सिनेमातली खोटी ठरते, आणि राजाही बुडतो. त्यांनी दगडावर चढून हाक दिली, "मंडळी, ही करामत आहे. महाराजांची तब्येत बरी नाही, म्हणून बाबल खवल्याकडून करून घेतली."

"बाबल खवल्या?" जंगल म्हणालं. "कोण हा बाबल खवल्या?"

हत्तींनी नाव घेतलं. हरणांनी घेतलं. माकडांनी तर झाडाझाडावरून पुढे धाडलं. जे आयुष्यात कधी शेवटपर्यंत बसले नव्हते, त्या सगळ्यांच्या तोंडी बाबलचं नाव, आणि तेही लख्ख उजेडात. गोमतीनं बाबलचा हात घट्ट धरला. तिला रडावं की हसावं कळेना, म्हणून तिनं दोन्ही थोडं थोडं केलं.

दुसऱ्या दिवशी बाबलच्या बिळापुढे रांग लागली. बिबट्याला सिनेमा काढायचा होता, तरसाला मालिका. करामतीला कोण, म्हटलं, की जंगलात एकच नाव ठाऊक होतं. कोल्हेशेठनी तर पुढच्या सिनेमात बाबलचं नाव राणीच्याही वर, हे एवढ्या मोठ्या अक्षरांत घातलं. काही बिघडलंच, तर कुणाचं नाव घ्यायचं हे लोकांना आधीच माहीत असलेलं बरं.

फक्त बाबल ओशाळलेला होता. संध्याकाळी तो साळिंदराला म्हणाला, "अरे, पण ते काम माझं नव्हतंच. ती उडी खरी होती."

तात्पर्य : वेगळं शोधायला जाऊ नका, बाळांनो. साळिंदर बाबलला जे म्हणाला, तेच धरा. तो म्हणाला, "बाबल, चांगलं केलंस ते राजाचं झालं, बिघडलं ते तुझं झालं. तेव्हा इथून पुढे दर सिनेमात एखादी शेपूट मुद्दाम वाकडी ठेवत जा. पोराबाळांना तुझं नाव कळायला नको का?"