विसूभाऊंवरची पाळत

विसूभाऊ गोगटे कुजबुजायला लागले की समोरच्या आळीतले लोक खिडक्या उघडायचे. एरवी त्यांचा आवाज बेताचाच. पण काही गुप्त सांगायचं म्हटलं की गळ्याला कुठून तरी बळ यायचं. "लेले, हे बाहेर फुटता कामा नये," असं ते माझ्या कानाशी येऊन म्हणायचे, आणि पलीकडचा शिंपी मशीन थांबवून विचारायचा, "काय फुटता कामा नये, भाऊ?"

गुरुवारी ते स्वतःच फोडत. 'उघडा डोळा' या साप्ताहिकाचे मालक, संपादक, बातमीदार, छपाईचे खिळे जुळवणारे आणि अंक वाटणारे सगळे तेच. मी तेव्हा पनवेलात भाताच्या गिरणीत कारकून होतो आणि त्यांच्या छापखान्यामागच्या खोलीत भाड्याने राहायचो. मला ऱ्हस्व-दीर्घ कळतं, एवढ्या गुन्ह्यासाठी मुद्रितं तपासायचं काम माझ्या गळ्यात पडलं होतं. भाऊंचा स्वतःचा ऱ्हस्व-दीर्घावर विश्वास नव्हता. "अहो, सरकार हादरायला लागलं की वेलांटी कोण बघतो?" असं ते म्हणत.

सरकार हादरावं म्हणून त्यांनी बरेच कष्ट घेतले होते. 'सरकारी माठावर झाकण नाही: यामागे कोण?' हा लेख तीन अंक चालला. चौथ्या अंकाच्या आत झाकण आलं, तर 'झाकण कशावर घातले जात आहे?' हा नवा लेख सुरू झाला. भिंतीवर त्यांचा हातात टाक घेतलेला एक फोटो होता. मुंबईच्या दैनिकांना एक ना एक दिवस छापायला लागेल, म्हणून तो काढून ठेवलेला. मुंबईच्या दैनिकांना तो लागत नव्हता.

मग चीनची लढाई आली. गावात सगळ्यांनी खिडक्यांना काळे कागद चिकटवले आणि पळस्प्याच्या फाट्यावर ताडपत्री ओढलेले लष्करी ट्रक थांबायला लागले. भाऊंची झोप उडाली. त्यांनी सायकलला फांद्या बांधल्या. का, तर झुडपासारखी दिसावी म्हणून. ते झुडूप भर दुपारी डांबरी रस्त्यावरून घंटी वाजवत पळस्प्याला गेलं. रविवार होता, म्हणून त्यांनी मलाही मागे बसवलं होतं.

फाट्यावर भागीरथीबाईचं चहाचं छप्पर होतं. भाऊ वाकून तिच्याजवळ गेले आणि कुजबुजले. ट्रकवरचा शिपाई दचकून उठून बसला.

"ताडपत्रीखाली काय आहे, बाई?"

"बटाटं हायत," भागीरथीबाई म्हणाली.

"हळू बोला! तुम्हाला कोणी सांगितलं?"

"डायवरनं. चाय प्यायला उतरला तवा बोलला. आवो, एक पोता फाटलाय, त्यो बगा, बटाटं पडल्यात रस्त्याव."

भाऊंनी एक बटाटा उचलला, उन्हाकडे धरून पाहिला आणि खिशात घातला. गुरुवारी पहिल्या पानावर आठ कॉलमी मथळा आला: 'लष्कराचे गुपित उघडे! ताडपत्रीखाली बटाटे!' खाली लिहिलं होतं, 'अत्यंत विश्वसनीय सूत्रांकडून.' भागीरथीबाईला कोणीतरी ते वाचून दाखवलं, तर ती भांडायलाच आली. "मी कसली सूत्रं? माझा नाव भागीरथी हाय."

लष्कर बटाटे साठवतंय म्हणजे लढाई लांबणार, असं गावाने ठरवलं आणि दोन दिवसांत बाजारातून बटाटा नाहीसा झाला. माणसं भाऊंकडे रागाने बघायला लागली. मामलेदारांनी त्यांना बोलावून घेतलं. मीही बरोबर होतो.

"बटाट्यांबद्दल यापुढे छापायचं नाही," मामलेदार म्हणाले.

"म्हणजे बटाटे होते, हे सरकारला मान्य आहे?"

"सरकारला काहीही मान्य नाही."

"मग नव्हते?"

"तसंही सरकार म्हणत नाही."

भाऊंनी हा संवाद शब्दशः छापला. सरकार खरोखरच थोडं हादरलं असावं, कारण पुढच्याच आठवड्यात छापखान्यासमोर एक कंगवेवाला येऊन बसला.

कंगवेवाल्याच्या स्वतःच्या डोक्यावर एक केस नव्हता. धोतराखाली पोलिसी बूट होते. गिऱ्हाईक आलं की तो त्रासून म्हणायचा, "फुडं जावा, फुडं." भाऊंनी दोन दिवस त्याचं खिडकीतून निरीक्षण केलं. तिसऱ्या दिवशी ते बाहेर गेले आणि म्हणाले, "आत या. उन्हात पाळत ठेवू नका. भोवळ येईल."

तो उठून आत आला. रामचंद्र कदम, हवालदार, साताऱ्याकडचा, पेन्शनीला टेकलेला. बायको गेलेली, मुलगी लांब दिलेली. भाऊंचंही घर रिकामंच होतं. वहिनी जाऊन बरीच वर्षं झाली होती आणि ते दुपारी छापखान्यात उभ्याने चुरमुरे खायचे. कदमांना ते बघवेना. त्यांनी मागच्या पडवीत चूल मांडली आणि पिठलं टाकलं.

त्यानंतर पाळत व्यवस्थित सुरू झाली. भाऊंचं प्रत्येक वाक्य ऐकणं ही कदमांची सरकारी नोकरी होती. आयुष्यात प्रथमच भाऊंना असा माणूस मिळाला होता, की जो मधेच उठून जाऊ शकत नव्हता. माठाचं प्रकरण त्यांनी कदमांना पहिल्यापासून सांगितलं. संध्याकाळी कदम वर पाठवायचा रिपोर्ट लिहायला बसले की भांडण व्हायचं.

"'संशयास्पद काही नाही' म्हणजे काय?" भाऊ चिडायचे. "मी सकाळी पळस्प्याला गेलो होतो!"

"चहा प्यायला गेला हुता न्हवं?"

"संशयास्पद रीतीने प्यायलो, असं लिहा!"

कदम निमूटपणे तसं लिहायचे. एकदा जेवताना ते म्हणाले, "भाऊ, माझी वळख फुटली तर घरी बसवत्यात. मागं एकाला असाच काढला. पेन्शनबी गेली त्याची." भाऊंनी त्यांच्या ताटात आणखी पिठलं वाढलं आणि विषय बदलला.

लढाई थांबली तरी कदम होतेच. त्या उन्हाळ्यात मुंबईच्या एका मोठ्या दैनिकाचा बातमीदार छापखान्यात आला. तरुण, इस्त्रीचा बुशशर्ट, पायात सँडल. भाऊंनी धावत जाऊन खुर्ची पुसली. कदम कोपऱ्यात कोथिंबीर निवडत होते.

"तुमचं बटाट्यांचं प्रकरण आम्ही वाचलं," तो म्हणाला. मला वाटलं, भाऊ आता रडतात. "सरकार छोट्या पत्रांवर पाळत ठेवतं, असं आमच्या कानावर आलंय. पुरावा मिळत नाही. तुमच्यावर माणूस ठेवलाय म्हणतात. नुसतं नाव सांगा. पहिल्या पानावर घेतो, तुमच्या फोटोसकट."

मी भिंतीकडे पाहिलं. भाऊंनीही पाहिलं. सरकारचं खरंखुरं गुपित त्यांच्या हातात होतं, तेही घरबसल्या. कदमांचा कोथिंबिरीतला हात थांबला होता.

"पाळत?" भाऊ हसले. "माझ्यावर? अहो, मला कोण विचारतं? इथल्या शिंप्यालासुद्धा अंक फुकट द्यावा लागतो."

"मग हे गृहस्थ कोण?"

"हे माझे मावसभाऊ. कंगवे विकतात."

बातमीदाराने कदमांच्या टकलाकडे पाहिलं, भाऊंकडे पाहिलं, आणि दोघांनाही वेड्यात काढून तो उठला. चहालासुद्धा थांबला नाही. तो गेल्यावर भाऊ बराच वेळ खिळे जुळवत बसले. नुसतेच जुळवत होते. मजकूर काही नव्हता. कदमांनी डोळे पुसले. कांदा चिरला नव्हता, तरी पुसले.

पावसाळ्याआधी वरून हुकूम आला. गोगटे यांच्यापासून राज्याला धोका नाही, हवालदाराने परत यावं. एवढा अपमान भाऊंचा कोणी केला नव्हता. ते तडक मामलेदारांकडे गेले आणि टेबलावर हात आपटून म्हणाले, "धोका कसा नाही? नीट चौकशी करा! निदान दिवाळीपर्यंत माणूस राहू द्या!" मामलेदारांनी त्यांना पाणी दिलं.

कदम गेले त्या दिवशी आम्ही दोघं एसटी स्टँडवर गेलो. भाऊंनी वाटेसाठी भाकऱ्या बांधून दिल्या होत्या. स्वतः थापलेल्या, म्हणून वेड्यावाकड्या. कदम खिडकीतून म्हणाले, "दुपारचं बसून जेवत जावा." भाऊ म्हणाले, "बघू." गाडी हलली, वळली आणि गेली.

मी म्हटलं, "चला भाऊ, ऊन वाढलंय."

ते बाकावर बसले आणि हाताने बाकाची दुसरी बाजू झाडली.

"बसा ना जरा," ते म्हणाले. "घाई आहे का तुम्हाला?"

मला गिरणीत जायचं होतं. मी बसलो.